गालवाली सोडायची

माझं आणि आमच्या थोरल्या जाऊबाईंचं कधी फारसं जमलं नाही, हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे मी त्यांची बाजू घेतेय असं कुणाला वाटायला नको. लग्न होऊन या घरात आले त्याच आठवड्यात त्यांनी माझ्या हातात रंगाऱ्याचा एक जुना ब्रश दिला आणि म्हणाल्या, स्वयंपाक तुला येत असेलच, आता हे शीक. मला वाटलं घराला रंग काढायचाय. मी विचारलंसुद्धा, कुठल्या भिंतीपासून सुरुवात करू? हा किस्सा त्यांनी पुढे आल्यागेल्या प्रत्येकाला सांगून माझं पोटभर हसं केलं. अजूनही कुणी नवीन माणूस घरी आला की मी आधीच चहा ठेवायला आत जाते.

ब्रश कशासाठी ते सांगते. ओहोटीला पाणी मागे सरकलं की आमच्या घरांच्या खालच्या अंगाला चिखलाचं मैदान उघडं पडतं. त्या चिखलात बोटभर लांबीची कोळंबी बीळ करून राहते. ही ताटात वाढायची कोळंबी नव्हे. हिच्या अंगात मांस ते किती, पण गळाला लावली की मोठे मासे तिच्यावर तुटून पडतात. म्हणून गळ टाकणारे लोक ती जिवंत विकत घेतात आणि आम्ही बायका ती पकडतो. खोदून हाती लागत नाही, कारण फावड्याचा धक्का बसला की ती थेट तळाशी जाते. तेव्हा खोऱ्याने वरचा चिखल ओढून काढायचा, बिळांची तोंडं उघडी पडली की एकेकात ब्रश खुपसायचा आणि गप्प बसायचं. कोळंबीला वाटतं, दुसरी कुणीतरी आपल्या घरात घुसली. ती खालून ब्रश ढकलायला लागते. ब्रश हलतो, वर येतो. मग आपण तो अगदी सावकाश वर घ्यायचा, ती भांडत भांडत मागोमाग येते, आणि नांग्या बिळाच्या तोंडाशी दिसल्या की दोन बोटांत धरायच्या. घाई केली की गेली.

जाऊबाई हे काम लहानपणापासून करत होत्या. उलट्या बादलीवर बसायच्या, समोर ब्रशांची रांग, आणि कुठला ब्रश आता हलणार ते त्यांना आधीच कळायचं. मी डोळे फाडून एका ब्रशाकडे बघत असायची आणि त्या न बघता तिसऱ्याच ब्रशाला हात घालायच्या. किनाऱ्यावर त्यांना सगळे 'थोरली' म्हणत. शब्दाला किंमत होती त्यांच्या. नाकावर माशी बसू देत नसत, पण कुणाच्या घरी आजारपण आलं तर तिच्या वाटणीची बिळं राखून ठेवत आणि तिथे दुसऱ्या कुणाला फिरकू देत नसत. दीर लवकर गेले. एक मुलगा, तो पदरात घेऊन त्यांनी सगळं निभावलं, आणि निभावलं म्हणून कधी कुणाला ऐकवलं नाही. मला बाकी सगळं ऐकवलं, ते मात्र नाही.

चिखलावरचा नियम एकच होता आणि तो त्यांच्या आईच्याही आधीपासूनचा होता. काही कोळंब्यांचा एक गाल फुगलेला असतो, दाढ सुजल्यावर माणसाचा फुगतो तसा. तो गाल फोडून बघितला तर आत पिवळसर बारीक दाण्यांची गच्च पोटली निघते. अंडीच ती, डोळ्यांना दिसतात. आम्ही सगळ्या असंच समजत आलो की कोळंबीची पिल्लं आधी गालात धरतात आणि मग शेपटीखाली उतरतात. म्हणून गालवाली सोडायची. नुसती फेकायचीही नाही. बिळाच्या तोंडाशी शेपटीकडून ठेवायची आणि ती आत जाईपर्यंत थांबायचं. जी गालवाली बादलीत ठेवेल तिने काठावर बसायचं. काठावर बसायचं म्हणजे बाकीच्या कामाला उतरतात तेव्हा तिने वर बसून बघत राहायचं, आणि जिने बसवलं ती 'ये, उतर' म्हणून हाक मारेपर्यंत चिखलात पाऊल टाकायचं नाही.

बादल्या जाऊबाई तपासायच्या. मलाही एकदा बसवलं. माझ्या बादलीत खरोखर नजरचुकीने राहिली होती. घरी त्यांनी मला नेहमीसारखं वाढलं, भाकरी घे अजून म्हणाल्या, आणि ओहोटी लागल्यावर बाहेर पडताना म्हणाल्या, चल, बस तू. इतका राग आला होता मला की नवऱ्याला म्हटलं, तुमच्या वहिनींना कोर्टात न्यायाधीश करा. तो काय बोलणार, त्याला त्यांनीच वाढवलेला. आठवड्याभरात त्यांनी हाक मारली आणि मी उतरले. सगळ्यांचं असंच व्हायचं. बसायचं, थोडं रुसायचं, हाक आली की उतरायचं.

फक्त त्यांच्या मुलाच्या बाबतीत तसं झालं नाही.

तोही लहानपणापासून चिखलात उतरायचा आणि त्याचा हात आईपेक्षाही हलका होता. वयात येऊन चांगला बाप्या झाला होता तेव्हाची गोष्ट. एक दिवस त्याच्या बादलीत वर साध्या कोळंब्या, मध्ये ओलं गोणपाट आणि खाली सगळ्या गालवाल्या निघाल्या. सगळ्यांसमोर निघाल्या. तो म्हणाला, दुकानदार वजनावर घेतो, गालवाली जड भरते, आणि चिखलात काय कमी आहे का? जाऊबाईंनी बादली तिथेच उपडी केली, एकेक कोळंबी उचलून बिळाशी ठेवली आणि सगळ्या आत गेल्यावर त्याला म्हणाल्या, "बस काठावर." तो बसला नाही. घरी गेला, बॅग भरली आणि मिळाली ती बस पकडून दुसऱ्या शहरात निघून गेला. तिथे एका शीतगृहात लागला. अजून तिथेच आहे.

अबोला होता असं नाही. फोन व्हायचे. जेवलास का, थंडी आहे का, खोकला गेला का, एवढंच. तो हाकेची वाट बघत होता आणि या हाक मारत नव्हत्या. मी कितीदा म्हटलं, जाऊबाई, बोलवा त्याला, पोटचा पोर आहे. त्या म्हणायच्या, चांगला हंगाम येऊ दे. चिखल भरलेला असताना बोलावते, म्हणजे आला की लगेच हाताला काम. रिकाम्या चिखलावर बोलावलं तर त्याला वाटेल, आई एकटी कुढतेय म्हणून बोलावतेय. मी म्हटलं, मग कुढताच आहात ना? त्यावर त्या दोन दिवस माझ्याशी बोलल्या नाहीत.

चांगला हंगाम काही आला नाही. आधी लांबच्या कडेची बिळं बुजली. मग मधली. ब्रश खुपसून बसावं तर ब्रश आपले उभेच्या उभे. कुणी म्हणालं पाणी तापलं, कुणी म्हणालं मोठ्या बोटींचं तेल. बायका एकेक करून मासे भरायच्या शेडमध्ये कामाला जायला लागल्या. दुकानदाराने गळाला लावायचे रबराचे किडे आणून टांगले, लाल-हिरवे. आणि जी काही कोळंबी सापडायची त्यात गालवाल्या जास्त, साध्या कमी. जाऊबाईंना तोच काय तो आधार वाटायचा. घरी येऊन मागच्या पडवीत बूट धुताना मला सांगायच्या, आज बघितलंस ना, किती जणी भरलेल्या होत्या! या सगळ्यांची पिल्लं चिखलात पडली की बघ. हे म्हणताना त्यांचा चेहरा इतका उजळायचा की मी माझं कुजकं तोंड बंद ठेवायची. त्यांनी नियम आणखी कडक केला. बादली तर तपासायच्याच, आता जेवणाचा डबाही उघडायला लावायच्या. आणि रिकामी बादली घेऊन दिवस दिवस चिखलात उकिडव्या बसायच्या. गुडघे धरले, बोटांना भेगा पडल्या. घरी राहा म्हटलं तर ऐकायच्या नाहीत. मुलाची खोली झाडून ठेवायच्या, पलंगावर चादर बदलायच्या.

अशातच विद्यापीठातली एक बाई आली. तिचे बूट तिच्या पायांपेक्षा मोठे, पहिल्याच दिवशी चिखलात बसकण मारली आणि एक बूट आतच राहिला. आम्ही सगळ्या हसलो, तीही हसली. जाऊबाईंना ती आवडली. त्यांनी तिला ब्रश धरायला शिकवलं, आणि मला भिंतीचा किस्सा पुन्हा एकदा ऐकावा लागला. ती चाळणीने चिखल गाळायची, बाटल्या भरायची. चौथ्या का पाचव्या दिवशी तिने विचारलं, या फुगलेल्या तुम्ही परत का सोडता? जाऊबाईंनी नियम सांगितला. तिने हातातली कोळंबी उलटसुलट करून बघितली. मग म्हणाली, एक तुमच्या घरी नेऊन उघडून बघू का?

आमच्याच स्वयंपाकघरातल्या टेबलावर तिने ती उघडली. वर्तमानपत्र पसरलं, सुईने गालावरचं कवच उचललं आणि आतली पोटली अलगद बाहेर काढली. मग भिंग जाऊबाईंच्या हातात दिलं. पोटलीला पाय होते. बारीक, वाकडे, दोन्ही बाजूंनी. वेगळाच जीव होता तो, आणि त्याला चिकटून त्याचा एवढासा नर. "ही अंडी कोळंबीची नाहीत," बाई म्हणाली, "याची आहेत. हा गालात बसून तिचं रक्त पितो. हा लागला की मादीला अंडी धरतच नाहीत."

जाऊबाईंनी भिंग माझ्याकडे दिलं, पुन्हा घेतलं. मग विचारलं, सोडल्यावर या किड्याची पिल्लं कुठे जातात? बाई म्हणाली, पाण्यात. तिथून फिरून पुन्हा चिखलात, दुसऱ्या कोळंबीच्या गालात. बाई मनाने चांगली होती. तिने पुष्कळ समजावलं. हा जीव इथला नसावा, फार पूर्वी कुठल्या तरी जहाजाबरोबर आला असेल. तुमच्या आईच्या वेळी थोड्या असतील, तेव्हा काही बिघडलं नसेल. तुम्ही सोडल्या नसत्या तरी चिखल वाचला असता असं कुणी छातीठोक सांगू शकणार नाही. मी हे सगळं ऐकलं. जाऊबाईंच्या कानात किती शिरलं माहीत नाही. त्या टेबलाची कड धरून उभ्या होत्या.

"माझा मुलगा या विकायचा," त्या म्हणाल्या. "ते बरं होतं का मग?"

बाईला काय माहीत तो प्रश्न काय होता. तिने खरं ते सांगितलं. "चिखलापुरतं बघितलं तर हो, बरं होतं."

दुसऱ्या दिवशी ओहोटी लागताच जाऊबाई वेगळा डबा घेऊन उतरल्या. गालवाली सापडली की डब्यात टाकायची आणि घरी आणून गरम पाण्यात घालायची, असं ठरवलं होतं. पण जन्मभराची सवय. गालवाली बोटांत आली की हात आपोआप बिळाकडे वळायचा, शेपटीकडून ठेवायचा. ती आत गेल्यावर त्यांच्या लक्षात यायचं आणि मग त्या त्याच बिळात कोपरापर्यंत हात घालायच्या. सापडतेय कुठली. एकदा त्यांनी डाव्या हाताने उजवा हात मनगटापाशी गच्च धरलेला मी बघितला. तोंड दुसरीकडे केलं मी. मला रडू आवरलं नाही.

बायकांच्या लक्षात यायला वेळ लागला नाही. थोरलीच्या डब्यात गालवाल्या! जाऊबाईंनी सगळ्यांना बोलावून सांगितलं, नियम चुकीचा आहे, किड्याची अंडी आहेत ती, सापडली की मारायची. मग शिंप्याची सून पुढे झाली. हिला ब्रश धरायला जाऊबाईंनीच शिकवलं होतं, काठावरही बसवलं होतं, आणि ही त्यांना अगदी सख्ख्या काकूसारखी मानायची. म्हणून तर तिने बोलावं हे जास्त लागलं.

"काकू," ती म्हणाली, "तुम्ही स्वतःच्या पोराला बसवलंत. आम्ही तेव्हापासून तुमच्याकडे बघून नियम पाळतोय. आता चिखल रिकामा झाला, गालवाल्या तेवढ्या उरल्या, म्हणून नियम चुकला होय?"

"खरंच चुकला गं. मी डोळ्यांनी बघितलं."

"मग त्याला का घालवलंत?"

मी मध्ये पडले. आवाज चढवून सगळं सांगितलं, पाय, नर, रक्त, सगळं. विद्यापीठातली बाई तोवर परत गेली होती. तिला फोन लावला, तिने बिचारीने लगेच फोटो पाठवला. बायका म्हणाल्या, फोटोतला किडा कुठलाही असेल. कुणीतरी मागून म्हणालं, या दोघी जावा एका सुरात बोलायला लागल्या म्हणजे काहीतरी शिजतंय नक्की. एरवी मी या टोमण्यावर हसले असते. त्या दिवशी मला सगळ्यांचे ब्रश मोडून टाकावेसे वाटले. राग येत होता आणि त्यांचं चुकत नाही हेही दिसत होतं. ज्या बाईने स्वतःच्या मुलालाही सोडलं नाही तिचं ऐकत आल्या होत्या त्या. तीच बाई उलटं बोलायला लागल्यावर त्यांनी काय करावं?

शिंप्याच्या सुनेने जाऊबाईंच्या ब्रशांची रांग एकेक करून उपसली, चिखल पुसला आणि ब्रश त्यांच्या हातात आणून दिले. "बसा, काकू," ती म्हणाली.

जाऊबाई बसल्या. मी म्हटलं, तुम्ही काय ऐकताय तिचं, चला उतरू आपण, कोण अडवतंय बघते मी. त्या म्हणाल्या, मी ज्यांना बसवलं त्या बसल्या ना? मग मला नको बसायला? तेव्हापासून दर ओहोटीला त्या काठावर जाऊन बसतात. दगडावर गोणपाट टाकतात आणि खाली बघत राहतात. उरल्यासुरल्या बायका कामाला उतरतात, गालवाल्या सापडतात, त्या उचलून बिळाशी ठेवतात, आत जाईपर्यंत थांबतात. जाऊबाई वरून प्रत्येक वेळी म्हणतात, मार गं, मार ती. ओरडत नाहीत, स्वतःशीच म्हणतात. मीही हल्ली उतरत नाही. त्यांच्याजवळ बसते. उतरून तरी काय, माझी एकटीची बादली कितीशी पुरी पडणार.

परवा दुपारी तिथे बसलेलो असताना त्या म्हणाल्या, त्याला फोन लाव. मी लावला. त्यांना कमी ऐकू येतं, म्हणून स्पीकर चालू करून त्यांच्या हातात दिला. पलीकडे यंत्रांचा घरघराट होता. जेवलास का वगैरे झालं. मग त्यांनी त्याला सगळं सांगितलं. टेबलावरचं, डब्याचं, काठाचं. शेवटी म्हणाल्या, "तू बरोबर होतास रे."

"मी कुठला बरोबर?" तो म्हणाला. "मला तेव्हा काय माहीत होतं? वजन भरावं म्हणून घालत होतो. चोरीच होती ती. तू बसवलंस त्यात काही चुकलं नाही तुझं."

जाऊबाई फोन दोन्ही हातांत धरून बसल्या होत्या.

"पण इथे आल्यावर कितीतरी दिवस मी बॅगेतले कपडे बाहेर काढले नव्हते," तो म्हणाला. "म्हटलं, आज ना उद्या हाक मारेलच."

"आता मारते," त्या म्हणाल्या. "ये, उतर."

तो म्हणाला, "कशात उतरू, आई? तूच सांगतेस ना, काही उरलं नाही म्हणून?"

"नाही उरलं. नुसता ये. माझ्याजवळ ये."

मागे कुणीतरी त्याला हाक मारत होतं, गाडी लागलीय म्हणून. तो "बघतो" म्हणाला आणि फोन ठेवला. आमच्या घरात 'बघतो' म्हणजे काय ते कुणी कुणाला विचारत नाही. माझा नवरा 'बघतो' म्हणाला की मी ते काम स्वतः करून टाकते.

जाऊबाईंनी फोन बाहीला पुसला आणि माझ्याकडे दिला. खाली शिंप्याची सून कमरेत वाकून काहीतरी बिळाशी ठेवत होती. जाऊबाईंचं तिकडे लक्ष नव्हतं.

"येतो म्हणाला," त्या मला म्हणाल्या.

फोन स्पीकरवर होता. मी त्यांच्या खांद्याला खांदा लावून बसले होते.

"हो," मी म्हटलं. "मीपण ऐकलं."